स्मरणिकेत न बसलेला इतिहास

आमच्या नगराला पंचवीस वर्षे झाली. ही बातमी अध्यक्षांनी मला ज्या सुरात सांगितली, त्या सुरात आजवर मी दोनच बातम्या ऐकल्या होत्या. एक, वेतन आयोग लागू झाल्याची आणि दुसरी, नळाला पाणी आल्याची.

"गुरुजी, रौप्यमहोत्सव करायचा. स्मरणिका काढायची. तिच्यात आपल्या नगराचा गौरवशाली इतिहास पाहिजे. तो तुम्ही लिहायचा. दोन पानं. जाहिराती कमी पडल्या तर अडीच."

मी छत्तीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला. माझ्या हाताखालून गेलेली मुले पुढे डॉक्टर झाली, वकील झाली, कंत्राटदार झाली. इतिहासाकडे मात्र एकही वळला नाही. यावरून माझ्या शिकवण्याचा दर्जा वाचकांच्या ध्यानात यावा. तरीही निवृत्त माणसाला कुणी काम सांगितले की त्याला नाही म्हणवत नाही. मी हो म्हटले.

नगराचे नाव मुद्दामच सांगत नाही. महाराष्ट्रातल्या प्रत्येक गावात त्या नावाचे एक नगर आहे, एक चौक आहे आणि बहुधा एक पतसंस्थाही आहे. ओळख म्हणून एवढेच सांगतो, की हिंगोलीला चिकटून बळसोंड नावाचे गाव आहे आणि त्या गावाच्या शिवारात आम्ही आहोत. हिंगोलीच्या जुन्या लोकांना आम्ही बळसोंडचे वाटतो, बळसोंडच्या जुन्या लोकांना हिंगोलीचे. जागा घेतली तेव्हा घरपट्टी ग्रामपंचायतीला भरायची आणि मुलीचे स्थळ पाहताना 'राहायला हिंगोलीत' म्हणून सांगायचे, अशी आमची रीत होती. उपनगर म्हणजे दुसरे काय?

कागद घेऊन बसलो आणि ध्यानात आले, की पंचवीस वर्षांचा इतिहास अर्ध्या तासात संपतो. पाठ्यपुस्तकाच्या पद्धतीने त्याचे कालखंड पाडून पाहिले. प्राचीन काळ : रस्त्यावर खांब नव्हते, लोक बॅटरी घेऊन हिंडत आणि साप बॅटरीशिवाय. मध्ययुग : मुरूम पडला. आधुनिक काळ : मुरुमावर डांबर आले. आणि त्यानंतर इतिहासाची पुनरावृत्ती : पाइप टाकण्यासाठी डांबर खोदून पुन्हा मुरूम वर काढण्यात आला. यात गौरवशाली काय आहे, हे मला ठरवता येईना. तेव्हा मी ठरवले, की मागे जायचे. नगराला इतिहास नसला, तरी नगर ज्याच्या कडेला धरून उभे आहे त्या गावाला तो असेलच.

आणि हिंगोलीला तो आहेच. आमच्या गावाची गंमत अशी, की इथे मोहल्ल्यांची नावे वाचली की परेड चालू असल्यासारखे वाटते. पलटण, रिसाला बाजार, तोफखाना, सदर बाजार! पलटणीत पायदळ असायचे, रिसाल्यात घोडदळ आणि तोफखान्यात तोफा. शिवाय या सगळ्यांतून सुटलेल्यांसाठी पेन्शनपुरा. आयुष्याचा सगळा प्रवास चार मोहल्ल्यांत उरकण्याची इतकी चोख व्यवस्था मी दुसरीकडे पाहिली नाही. माझा जन्म पलटणीतला. लहानपणी मास्तरांनी विचारले, "वडील कुठे असतात?" मी म्हटले, "पलटणीत." त्यांनी महिनाभर मला सैनिकाचा मुलगा म्हणून पहिल्या बाकावर बसवले. वडील पलटणीत किराणा विकत, हे कळल्यावर मी पूर्ववत मागच्या बाकावर गेलो.

ही नावे पडली ती निजामाच्या छावणीमुळे. वऱ्हाडाच्या सीमेवरचे गाव म्हणून हिंगोलीला 'हैदराबाद कंटिंजंट' या फौजेचे ठाणे होते. या फौजेचा थाट मोठा होता. खर्च निजामाचा, हुकूम इंग्रजांचा. म्हणजे जेवायचे घरी आणि ऐकायचे शेजाऱ्याचे. फौजेचा पगार थकत गेला, कंपनी उसने देत गेली, उसन्याचे कर्ज झाले आणि शेवटी 1853 च्या तहाने निजामाने त्या खर्चापोटी वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली केले. 1902 मध्ये तर ते वर्षाला 25 लाख रुपयांवर कायमच्या भाडेपट्ट्याने देऊन टाकले. पगार थकल्यामुळे घरातले किडूकमिडूक गहाण टाकलेली माणसे मी पाहिली आहेत. पण अख्खा प्रांत गहाण पडल्याचे उदाहरण एवढे एकच. त्या एका बाबतीत आमच्या पलटणीला तोड नाही.

1903 मध्ये ही फौज हिंदुस्थानी लष्करात मिसळून गेली. शिपाई गेले, घोडे गेले, तोफा गेल्या. नावे तेवढी राहिली. आज तोफखान्यात फुटतो तो दिवाळीत सुतळी बॉम्ब.

एवढे लिहून मी अध्यक्षांना दाखवले. ते खूश झाले. म्हणाले, "झकास! आता एखादी लढाई टाका."

मी लढाई टाकली. 1819 मध्ये हदगावकडच्या नाव्ह्याच्या गढीत नोवसाजी नाईक या हटकर सरदाराने या फौजेच्या पूर्वावताराशी झुंज दिली. फौजेने गढीला वेढा घातला आणि शेवटी ती घेतली. पुढे त्या पलटणींच्या मानचिन्हांत 'नोव्हा' हे नाव कोरले गेले.

"म्हणजे आपण जिंकलो!" अध्यक्ष म्हणाले.

"आपण म्हणजे कोण?" मी विचारले. "नाईक आपले का पलटण आपली?"

अध्यक्ष विचारात पडले. त्यांची सासुरवाडी हदगावकडची. "दुसरी एखादी पाहा," ते म्हणाले.

दुसरी म्हणजे 1858 ची. झाशीच्या वेढ्यात कंटिंजंटच्या तुकड्या होत्या. पण त्या ह्यू रोजच्या बाजूने होत्या, म्हणजे राणीच्या विरुद्ध. हे ऐकल्यावर अध्यक्षांनी खिशातून लाल पेन काढले आणि आख्खी फौज एका रेघेत गारद केली. निजामाला पन्नास वर्षांत जे साधले नाही, ते त्यांनी पाच सेकंदांत केले.

मग मी माझा हुकमी एक्का बाहेर काढला. हरिसिंग.

फिलिप मेडोज टेलर हा निजामाच्या नोकरीतला इंग्रज अधिकारी. 1839 मध्ये त्याने 'कन्फेशन्स ऑफ अ ठग' ही कादंबरी लिहिली आणि ती विलायतेत गाजली. त्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत आमची हिंगोली आहे. हिंगोलीच्या छावणीत हरिसिंग नावाचा एक मोठा अब्रूदार व्यापारी होता. टेलरसाहेब स्वतः त्याच्याकडे खरेदी करत. एकदा हा हरिसिंग कॅप्टन रेनॉल्ड्स या अधिकाऱ्याकडे गेला आणि मुंबईहून कापड आणण्याचा रीतसर परवाना मागितला. साहेबाने दिला. कापड खरोखरच मुंबईहून येत होते, फक्त ते दुसऱ्याच व्यापाऱ्याचे होते. हरिसिंगाने तो व्यापारी, त्याची माणसे आणि बैल हाकणारे वाटेत संपवले, माल परवान्यावर हिंगोलीत आणला आणि छावणीत राजरोस विकला. हा हरिसिंग त्या भागातल्या ठगांचा म्होरक्या होता! पुढे पकडला गेल्यावर त्याने स्वतःच ही हकिगत सांगितली, आणि तीही एखादा छान विनोद सांगावा तशी.

यापुढचा भाग वाचून माझ्या अंगावर काटा आला. या टोळीने छावणीच्या बाजारातच माणसे मारली आणि पहाऱ्यापासून जेमतेम पाचशे वारांवर पुरली. माफीच्या साक्षीदारांनी जागा दाखवल्या तेव्हा टेलर तिथे हजर होता. एकामागून एक खड्डे उघडत गेले, प्रत्येकात कितीतरी देह. शेवटी पाहणाऱ्यांनाच ते सोसवेना आणि त्यांनी खणणे थांबवले. जागा कोणती? नदीला मिळणाऱ्या एका लहानशा कोरड्या नाल्याची. जवळून छावणीबाहेर पडणारी, शेजारच्या गावाकडे जाणारी वाट.

आता हिंगोलीला शेजारची गावे पुष्कळ आणि कयाधूला मिळणारे नालेही पुष्कळ. पण आमच्या नगरालाही एक नाला आहे आणि बळसोंड हेही शेजारचेच गाव आहे. त्या रात्री मला झोप लागली नाही. सकाळी उठून मी पलटणीत गेलो आणि पाचशे वार मोजत निघालो. तीनशे चाळिसाव्या वाराला एक जुना विद्यार्थी भेटला. "सर, शुगर निघाली का?" त्याने विचारले. मोजणी चुकली. दुसऱ्यांदा निघालो तर एका रसवंतीवाल्याने 'या सर' म्हणून आत बसवले. तेव्हा ते नाले कोणते, हा प्रश्न मी भावी संशोधकांवर सोपवला आहे.

अध्यक्षांनी हे पान वाचले आणि दार लावून घेतले.

"गुरुजी," ते हळू आवाजात म्हणाले, "कोपऱ्यावरचे दोन प्लॉट अजून विकायचेत. नाल्याकडचेच आहेत."

हरिसिंग गेला. टेलर गेला. ठगांना पकडायला सरकारला वर्षे लागली होती. अध्यक्षांना लाल पेन पुरले.

आता उरले काय? माझी आई उरली. तिच्यावर मी अर्धे पान लिहिले. तिचा जन्म फसली 1340 चा, म्हणजे तुमच्या-आमच्या हिशेबाने 1930-31 चा. लहानपणी तिला खाऊला मिळे तो हाली शिक्का, निजामाचा. 1948 च्या सप्टेंबरात निजामाचे राज्य संपले. 1956 मध्ये आमचा मुलूख मुंबई राज्यात गेला. 1960 मध्ये महाराष्ट्र झाला. 1 मे 1999 रोजी परभणी जिल्ह्यातून हिंगोली वेगळी निघून स्वतःच जिल्हा झाली. एवढ्या घडामोडींत आईने पलटणीतले घर एकदाही बदलले नाही. राज्येच तिच्या दारावरून गेली. जिल्हा झाल्यावर कचेऱ्या आल्या, साहेब आले, जागांचे भाव वाढले आणि गावाभोवतालच्या शिवारांत रातोरात चुन्याच्या रेघा पडल्या. त्यांतल्या एका चौकोनात मी आईला आणले. पहिल्याच आठवड्यात ती म्हणाली, "येवढी राज्यं बदलली बाबा, पण भाजी आणायला रिक्षा कधी करावी लागली नव्हती!"

हे पान अध्यक्षांना आवडले. पण रिक्षाच्या वाक्याने नगराची बदनामी होते म्हणून तेवढे वगळले. वाक्य वगळल्यावर आईला त्या पानात काही कामच उरले नाही.

म्हणून मी बाप्पांकडे गेलो.

बाप्पा म्हणजे आमच्या नगराचे मूळ मालक. आमचे सगळे नगर त्यांच्या वावरात बसले आहे. नाल्यापलीकडे दोन खोल्यांत राहतात आणि रोज संध्याकाळी आमच्या मारुतीच्या पारावर येऊन बसतात. नव्या भाडेकरूंना ते वॉचमन वाटतात. एकदा एका बाईंनी त्यांना गाडी पुसण्याचे काय घेता, म्हणून विचारले होते. बाप्पांनी शांतपणे सांगितले होते, "माय, मपली गाडी बैलाची व्हती. ती पुसावी लागत नव्हती."

"बाप्पा, या जागेचा काही इतिहास सांगा," मी म्हटले.

"इतिहास काहून म्या सांगू? तुमी मास्तर, का म्या?"

"म्हणजे इथे पूर्वी काय होतं?"

"वावर व्हतं. दुसरं काय असतंय?"

थोडा वेळ गप्प बसून मग आपणहून म्हणाले, "घोडवावर."

"कसलं घोडवावर?"

"याचं नाव हाय ते. तिकडलं चोपण, वढ्याकडलं थडीचं, अन् हे घोडवावर. आमचा आजा सांगायचा, रिसाल्याची घोडी चरायला यायची हितं. खरं-खोटं त्याला ठावं."

मी पंचवीस वर्षे त्या जागेवर राहत होतो. माझ्या कागदांवर गट नंबर होता, प्लॉट नंबर होता, चौरस फूट होते, पण नाव नव्हते. आमच्याकडे वावराला नाव असते, बैलाला नाव असते, अगदी लिंबाच्या झाडालाही असते. एन.ए. झाले की सगळ्यांचे आकडे होतात.

बाप्पांनी घरी नेऊन पेटीतून एक कागद काढला. उर्दूत होता. निजामाच्या राज्यात सरकारी कारभार उर्दूत चाले, त्यामुळे आमच्याकडे कितीतरी शेतकऱ्यांच्या पेट्यांत असे कागद आहेत. ते त्यांना वाचता येत नाहीत आणि टाकवतही नाहीत. मी तो घेऊन पेन्शनपुऱ्यातल्या एका वृद्ध निवृत्त शिक्षकांकडे गेलो. आम्हा दोघा पेन्शनरांची भेट त्या मोहल्ल्यात व्हावी, हे फारच समर्पक होते. त्यांनी चष्मा पुसून चतुःसीमा वाचून दाखवली : पूर्वेस नाला, पश्चिमेस गाडीवाट, उत्तरेस भाऊबंदांचे शेत, दक्षिणेस लिंब. मध्ये पक्की विहीर एक.

मी ती चतुःसीमा मनातल्या मनात आजच्या नकाशावर ठेवून पाहिली. नाला आहे, त्यात आता पाण्यापेक्षा पिशव्या जास्त. गाडीवाट म्हणजे आमचा मेन रोड. लिंबाच्या जागी ट्रान्स्फॉर्मर. आणि विहीर...

विहीर मला ठाऊक होती. ती प्लॉट पाडणाऱ्याने बुजवली. नगरात पहिल्या वर्षी जी घरे उठली, त्यांचा सगळा विटा-मातीचा राडा तिच्यात गेला. तरी ती भरेना. शेवटी दोन ट्रक मुरूम टाकला. त्या प्लॉटला गिऱ्हाईक मिळेना म्हणून तो शंभर रुपये फुटाने स्वस्त दिला. आता दर उन्हाळ्यात आमच्या नगरात टँकर येतो आणि बुजवलेल्या विहिरीच्या बाजूलाच उभा राहतो. रस्ता तिथे जरा रुंद आहे.

"बाप्पा, तुम्हाला भाव बरा मिळाला का?" मी विचारले. हा प्रश्न पंचवीस वर्षांत एकदाही विचारला नव्हता.

"तव्हाच्या मानानं बरा मिळाला की. पोरीचं लगीन झालं, पोराची नोकरी झाली. कुनी फसिवलं न्हाई." मग हसले. "एवढंच, की म्या एकरानं इकलं अन् तुमी फुटानं घेतलं."

एकराचे गुंठे चाळीस. गुंठ्याचे चौरस फूट एक हजार एकोणनव्वद. म्हणजे एकराचे त्रेचाळीस हजार पाचशे साठ. हा गुणाकार मी पोरांकडून फळ्यावर करून घेतला आहे, पण त्याचा अर्थ त्या दिवशी कळला. एक माणूस एकराच्या भाषेत बोलत होता, दुसरा फुटाच्या, आणि मधल्या गुणाकारात कुणाचे तरी तीन मजले उठले. सगळे कागद चोख. परवाने रीतसर. सह्या, शिक्के, मोजणी, काही म्हणता काही चुकले नाही. मला एकदम टेलरसाहेब आठवला. तोही बिचारा प्रामाणिक गिऱ्हाईकच होता. दुकानात गेला, भाव केला, पैसे मोजले, कापड घेऊन घरी गेला. कापड चांगलेच असणार. आमच्या वावराच्या व्यवहारात कुणाचा खून झाला नाही, हे मी देवाशपथ सांगतो. तरीपण कापड कुठून आले, हे गिऱ्हाइकाने पंचवीस वर्षे विचारलेच नाही, एवढे साम्य मला नाकारता येईना.

हे सगळे मी लिहून काढले : घोडवावर, चतुःसीमा, लिंब, विहीर. चांगली पाच पाने झाली. अध्यक्षांनी शांतपणे वाचली. माणूस वाईट नाही. "गुरुजी, डोळ्यात पाणी आलं," ते म्हणाले. "पण यात गौरवशाली कुठंय?"

स्मरणिका निघाली. माझा इतिहास तिच्यात चार ओळींचा आहे. पहिल्या दोन ओळींत संत नामदेवांचे जन्मगाव मानलेले नर्सी आणि औंढ्याचे ज्योतिर्लिंग. आमच्या जिल्ह्यात कुठलाही इतिहास तिथून सुरू होतो आणि व्हावाही. पुढच्या दोन ओळींत औंढा तालुक्यातल्या दुधाळ्याची 'लायगो' वेधशाळा, जिला केंद्र सरकारने 2023 मध्ये अंतिम मंजुरी दिली. ती आमच्या नगरापासून चांगली लांब आहे, पण अध्यक्षांच्या मते ती 'परिसरात' येते. अशाच यंत्राने 2015 मध्ये अमेरिकेत दोन कृष्णविवरांच्या टकरीचा हादरा टिपला. ती टक्कर होऊन एक अब्ज तीस कोटी वर्षे झाली होती म्हणे. अभिमानाची गोष्ट आहे, यात शंका नाही. पंचवीस वर्षांपूर्वी विहिरीत पडलेल्या मुरुमाचा आवाज तिला ऐकू येईल का, एवढेच मला कुणा शास्त्रज्ञाला विचारायचे आहे. बाकीच्या पानांवर जाहिराती आहेत. त्यांत सर्वांत मोठी कोपऱ्यावरच्या दोन प्लॉटांची.

स्मरणिकेत जे बसले नाही, ते मी इथे बसवले. आणखी एक गोष्ट केली. दिवाळीच्या रंगकामाला पेंटर आला होता, त्याला सांगून फाटकावर घराच्या नावाखाली बारीक अक्षरांत 'घोडवावर' असे लिहून घेतले. आमची ही म्हणाली, "लोकांना वाटेल, तबेला काढला." शेजाऱ्यांनी विचारले, "शेअरबाजारात काही लागलं का?" पोस्टमनने मात्र काही विचारले नाही. तो बळसोंडचा जुना माणूस आहे. पाहून नुसता हसला.

संध्याकाळी बाप्पा पारावर जाता जाता फाटकाशी थांबले. ओल्या रंगावरून, न टेकवता, बोट फिरवले.

"काय लिवलंय, गुर्जी?"

मी वाचून दाखवले.

बाप्पा बराच वेळ अक्षरांकडे पाहत राहिले. मग फाटकातून आत नजर टाकत म्हणाले, "अन् हीर? ती कुटंशी आली असंल आता?"

ती आमच्या पोर्चखाली आहे. शंभर रुपये फुटाने स्वस्त पडलेला प्लॉट माझाच. वर स्कूटर उभी असते.

"आत या ना, बाप्पा," मी म्हटले, "चहा घेऊ."